गोगलगायींचें गोत्र

‘गोगलगाय आणि पोटांत पाय’ ही म्हण मराठी घरांतील लहान मुलांनाहि ठाऊक असते. वरून गरीब दिसणाऱ्याच्या पोटांत काय दडलें आहे याचा नेम नाहीं, असा तिचा रोख आहे. नवल असें कीं, प्राणिशास्त्रानें या प्राण्यांच्या वर्गाला जें नांव दिलें, त्याचा अर्थहि जवळजवळ हाच आहे. ‘गॅस्ट्रोपोडा’ हें नांव ज्या ग्रीक शब्दांपासून झालें, त्यांचा अर्थ पोट आणि पाय असा होतो. मराठी ग्रंथांत या वर्गाला ‘उदरपाद’ म्हणतात. परंतु म्हणीचें आणि शास्त्राचें साम्य एवढ्यावरच संपत नाहीं. या प्राण्यांची प्रतवारी लावतांना विद्वानांनीं पुष्कळ काळ वरच्या रूपावर विश्वास ठेवला, आणि त्या रूपानें त्यांना वारंवार फसविलें.

देवघरांतील शंख, सोंगट्यांच्या खेळांतील कवडी, पावसाळ्यांत परसाच्या भिंतीवर चढणारी शंखधारी गोगलगाय, न्हाणीघराच्या मोरीपाशीं सरपटणारी बिनशंखाची बुळबुळीत गोगलगाय, समुद्रकांठच्या खडकाला चिकटलेला टोपीसारखा शिंपला, हे सारे या एकाच वर्गांतले. यांतील सख्खे कोण, चुलत कोण, आणि नुसते दिसावयास सारखे कोण, हा प्रश्न वाटतो तितका सोपा नाहीं.

आधुनिक वर्गीकरणाचा पाया घालणारा स्वीडिश पंडित कार्ल लिनीअस यानें १७५८ सालीं आपल्या ग्रंथाची दहावी आवृत्ति काढली. तींत कीटक वगळून बहुतेक सर्व अपृष्ठवंशी प्राणी त्यानें ‘कृमि’ या एका मोठ्या वर्गांत घातले आणि त्या वर्गाचे पोटभाग पाडले. ज्यांना कवच आहे ते एका भागांत, आणि ज्यांचें अंग मऊ व उघडें आहे ते दुसऱ्या भागांत. या न्यायानें शंखधारी गोगलगाय कालवांच्या पंक्तीस जाऊन बसली; बिनशंखाची गोगलगाय मात्र समुद्रांतील तारामासा व जेलीमासा यांच्या शेजारीं गेली. दोघींची चाल एक, शिंगें एक, चिकट वाट मागें ठेवण्याची रीतहि एक. परंतु एकीच्या पाठीवर घर होतें आणि दुसरीच्या नव्हतें, एवढ्यावरून त्यांची ताटातूट झाली.

ही चूक प्रथम दुरुस्त केली ती फ्रेंच शरीरशास्त्रज्ञ जॉर्ज कुव्हिए यानें. त्यानें शंख बाजूस ठेवून आंतला प्राणी चिरून पाहिला. हृदय, आंतडीं, मज्जातंतू यांची रचना पाहतां दोन्ही गोगलगायी एकाच घरच्या आहेत, हें त्याच्या ध्यानांत आलें. १७९५ सालापासून त्यानें मृदुकाय प्राण्यांची जी नवी मांडणी केली, तींत शंखवाले व बिनशंखाचे उदरपाद पुन्हां एकत्र आले. वर्गीकरणाच्या इतिहासांतील हा मोठा धडा होय. पेटी पाहून आंतल्या वस्तूची पारख करूं नये, हें यापुढें सर्वांना पटलें.

आंतली रचना पाहावयाची असें ठरलें, तरी त्यांतले कोणतें लक्षण महत्त्वाचें मानावयाचें, हा प्रश्न राहिलाच. १८४८ सालीं आन्री मिल्न-एडवर्ड्‌स या फ्रेंच शास्त्रज्ञानें कल्ल्यांवर भर दिला. ज्यांचे कल्ले हृदयाच्या पुढें असतात ते ‘पुरःक्लोमी’, आणि ज्यांचे मागें असतात ते ‘पश्चक्लोमी’. हवेंत श्वास घेणाऱ्या ‘फुप्फुसधारी’ प्राण्यांचा गट पूर्वीच मानला गेला होता. अशा रीतीनें उदरपादांचे तीन विभाग झाले. शंख व कवडी पहिल्यांत, समुद्रांतील बहुतेक नाजूक, रंगीबेरंगी, बिनकवचाचे प्राणी दुसऱ्यांत, आणि भूमीवरील गोगलगायी तिसऱ्यांत. जर्मन पंडित योहान्नेस थीले यानें १९२९ ते १९३५ या काळांत प्रसिद्ध केलेल्या आपल्या मोठ्या ग्रंथांत हीच चौकट पक्की केली, आणि महाविद्यालयांतील विद्यार्थ्यांच्या कित्येक पिढ्या ती पाठ करीत आल्या.

या चौकटीच्या मुळाशीं एक खरोखर विलक्षण घटना आहे. उदरपाद प्राणी अगदीं बाल्यावस्थेंत असतांना त्याच्या शरीराला एक पीळ पडतो. हृदय, आंतडीं, कल्ले हीं ज्या थैलींत असतात, ती थैली डोकें व पाय यांच्या मानानें अर्धें वर्तुळ, म्हणजे सुमारें १८० अंश फिरते. त्यामुळें मागच्या बाजूस असावयाचे कल्ले व गुदद्वार डोक्याच्या वर येऊन बसतात, आणि अंगाच्या दोन बाजूंनीं जाणारे मज्जातंतू इंग्रजी आठाच्या आंकड्याप्रमाणें एकमेकांस छेदतात. पुष्कळ उदरपादांत हा पीळ जन्मभर राहतो; कांहींच्यांत तो पुढें सैल होतो आणि मज्जातंतू पुन्हां सरळ दिसूं लागतात. १८८१ सालीं श्पेंगेल या जर्मन शास्त्रज्ञानें मज्जातंतूंच्या याच फरकावरून उदरपादांचे दोन भाग पाडले होते.

येथपर्यंतची विचारसरणी निर्दोष वाटते. तिच्यांतील वैगुण्य उमगावयास विसाव्या शतकाचा उत्तरार्ध उजाडावा लागला. १९५० सालीं व्हिली हेन्निख या जर्मन कीटकशास्त्रज्ञानें एक साधा परंतु दूरगामी नियम मांडला. तो घरगुती दाखल्यानें असा सांगतां येईल. दोन कुटुंबांतील वडील माणसें पगडी घालतात, म्हणून तीं कुटुंबें एकमेकांचे भाऊबंद ठरत नाहींत. कारण एके काळीं सगळ्यांचेच पूर्वज पगडी घालीत होते. परंतु एखाद्या पूर्वजाच्या अंगीं नव्यानें आलेली एखादी खूण कांहीं कुटुंबांतच उतरलेली दिसली, तर तीं कुटुंबें त्या पूर्वजाचीं वंशज मानावयास आधार मिळतो. जुनें लक्षण टिकून राहणें हा नात्याचा पुरावा नव्हे. नवें लक्षण वारशानें मिळणें हा पुरावा होय.

या कसोटीवर ‘पुरःक्लोमी’ हा गट टिकेना. पिळलेलें शरीर आणि पुढें आलेले कल्ले हीं उदरपादांचीं मूळचींच लक्षणें. तीं ज्यांनीं टाकलीं नाहींत, अशा परस्परांहून दूरच्या अनेक शाखा या एका नांवाखालीं गोळा झाल्या होत्या. फुप्फुसाचीहि तीच गत. महाविद्यालयाच्या प्रयोगशाळेंत विच्छेदनासाठीं येणारी ‘पायला’ ही गोड्या पाण्यांतील मोठी गोगलगाय कल्ल्यानें पाण्यांत आणि फुप्फुसासारख्या पिशवीनें हवेंत, असा दोन्हीं प्रकारें श्वास घेते. तरीहि ती भूमीवरील गोगलगायींची भगिनी नव्हे. तिनें हवेचा मार्ग स्वतंत्रपणें शोधला आहे.

१९८५ सालापासून ऑस्ट्रियाचे गेऱ्हार्ड हास्प्रुनार यांनीं, आणि १९९७ सालीं विन्स्टन पाँडर व डेव्हिड लिंडबर्ग यांनीं, शरीरांतील अनेक सूक्ष्म लक्षणें एकत्र तोलून नवी वंशावळ मांडली. त्याच सुमारास समुद्रानेंहि नवे साक्षीदार पुढें केले. १९७७ सालीं गॅलापागॉस बेटांजवळच्या खोल समुद्रतळावर ऊन पाण्याचे झरे सांपडले, आणि तेथें ज्यांची कोणाला कल्पनाहि नव्हती असे उदरपाद आढळले. त्यांतील एकाला १९८१ सालीं ‘निओम्फॅलस’ हें नांव मिळालें. जुन्या चौकटींत त्याला सुखानें बसेल अशी जागा नव्हती. पुढें डी. एन. ए. या आनुवंशिक द्रव्याची तुलना करतां येऊं लागली, आणि निवाडा अधिक निःपक्षपाती झाला. शंखाचा आकार परिस्थितीप्रमाणें बदलतो. पेशींत लिहिलेली वंशपरंपरा इतक्या सहजासहजीं वेष पालटीत नाहीं.

२००५ सालीं फिलिप बुशे व जाँ-पिएर रोक्रवा यांनीं उदरपादांच्या सर्व कुळांची नवी यादी प्रसिद्ध केली. तींत ६११ कुळें होतीं. २०१७ सालीं अन्य सहकाऱ्यांसह त्यांनीं तीच पुन्हां सुधारली, तेव्हां कुळांची संख्या ७२१ झाली. त्यांपैकीं ४७६ कुळें आज जिवंत आहेत आणि २४५ केवळ जीवाश्मांवरून माहीत आहेत. जुन्या तीन विभागांच्या जागीं या यादींत सहा उपवर्ग आले, आणि ऊन झऱ्यांच्या त्या प्राण्यांना त्यांत स्वतंत्र उपवर्ग मिळाला. शंख, कवडी आणि पायला एका मोठ्या उपवर्गांत राहिल्या. भूमीवरील गोगलगायी आणि पूर्वींचे बहुतेक पश्चक्लोमी दुसऱ्या एका उपवर्गांत एकत्र आले. त्यापूर्वीं २०१० सालींच डी. एन. ए.च्या अभ्यासावरून असें दिसून आलें होतें कीं, समुद्रांतील कांहीं तथाकथित पश्चक्लोमी प्राणी आपल्या गटांतील इतरांपेक्षां भूमीवरील गोगलगायींना अधिक जवळचे आहेत. अर्थात् ‘पश्चक्लोमी’ हें नांव वंशवाचक राहिलें नाहीं.

या साऱ्या उलथापालथींतून एक गोष्ट स्पष्ट झाली. बिनशंखाची गोगलगाय हें कोणा एका घराण्याचें नांव नाहीं. ती एक अवस्था आहे. शंख लहान करीत करीत टाकून देण्याचा मार्ग निरनिराळ्या घराण्यांनीं निरनिराळ्या काळीं पत्करला आहे. पश्चिम घाटांतील ‘मारिएला’ ही जवळजवळ उघड्या अंगाची गोगलगाय, आणि पाठीवर चांगला वेटोळा शंख बाळगणारी ‘आरिओफॅन्टा’, या दोघींचें कूळ एकच आहे. लिनीअसनें त्यांना दोन टोकांस पाठविलें असतें.

टोपीच्या आकाराची गोष्टहि अशीच आहे. कोंकणच्या खडकांवर ओहोटीच्या वेळीं ‘सेलाना’ आणि ‘सायफोनेरिया’ असे दोन टोपीवाले शिंपले आढळतात. नवख्याला ते सख्खे भाऊ वाटतील. परंतु पहिला उदरपादांच्या अतिप्राचीन शाखेचा, तर दुसरा भूमीवरील गोगलगायींच्या नात्यांतला. लाटांचा मारा सोसून खडकाला घट्ट धरावयाचें, या एकाच गरजेनें दोघांना एकच टोपी घालावयास लावली.

यावर संसारी माणूस विचारील कीं, गोगलगायींचें गोत्र असें लागलें काय आणि तसें लागलें काय, त्यांत कोणाचें काय अडतें? त्याचें उत्तर रत्नागिरी जिल्ह्यांतील गिमवी या लहानशा गांवानें दिलें आहे. १९५२ सालीं गाडगीळ व शहा या वैद्यकीय संशोधकांनीं तेथील लोकांत मूत्रावाटे रक्त जाण्याचा एक रोग असल्याचें प्रसिद्ध केलें. हा रोग एका पर्णकृमीमुळें होतो, आणि त्या कृमीच्या बाल्यावस्थेचा कांहीं काळ गोड्या पाण्यांतील गोगलगायीच्या शरीरांत गेल्यावांचून तो माणसाच्या अंगांत शिरूं शकत नाहीं. आफ्रिकेंत हें काम ‘बुलीनस’ नांवाची वेटोळ्या शंखाची गोगलगाय करते. गिमवीच्या बाबतींत संशोधकांनीं ज्या प्राण्याकडे बोट दाखविलें, तो होता ‘फेरिसिया’. गोड्या पाण्यांतील एक चिमुकला, टोपीच्या आकाराचा, जेमतेम नजरेस पडणारा उदरपाद.

त्या काळच्या ग्रंथांत असल्या टोपीवाल्यांचें एक निराळें कूळ मानीत असत. नुसता आकार पाहणाऱ्याला त्यांत आणि आफ्रिकेच्या त्या गोगलगायींत कांहींच साम्य दिसलें नसतें. पुढील संशोधनानें तें निराळें कूळ मोडून फेरिसियाला चकतीसारख्या शंखाच्या गोगलगायींच्या कुळांत घातलें, आणि हें कूळ बुलीनसचें निकटचें आप्त आहे. नातें म्हणजे अपराधाचा पुरावा नव्हे; प्रत्येक जाति प्रत्यक्ष तपासूनच पाहावी लागते. परंतु तपास कोठून सुरू करावा, हें खरी वंशावळच सांगूं शकते. जेथें लोक धुतात, नाहतात, गुरें पाजतात, त्या ओढ्यांतील कोणत्या जीवाकडे प्रथम पाहावयाचें, हा प्रश्न पुस्तकी राहत नाहीं.

नांवें बदलल्यामुळें गैरसोय होते, ही तक्रार मात्र खोटी नाहीं. लिनीअसनें पैशाच्या कवडीला ‘सिप्रिया मोनेटा’ म्हटलें. आज ती ‘मोनेटारिया मोनेटा’ आहे. देवपूजेंतला शंख त्याच्या यादींत १७६७ सालीं ‘व्होल्यूटा पायरम’ म्हणून शिरला. आज तो ‘टर्बिनेला पायरम’ आहे. १८४७ सालीं बेन्सन या इंग्रजानें मॉरिशसहून कलकत्त्याच्या बागेंत आणून सोडलेली आफ्रिकेची राक्षसी गोगलगाय देशभर पसरली, आणि २०२२ सालीं गोगलगायींनीं मराठवाड्यांत सोयाबीनचीं कोवळीं रोपें फस्त केलीं, तेव्हां शेतकऱ्यांच्या तोंडीं तिचेंच नांव होतें. जुन्या ग्रंथांत ती ‘अकाटिना फ्युलिका’ आहे, नव्यांत ‘लिस्साकाटिना फ्युलिका’. तिच्यावरील उपाय शोधणाऱ्याला दोन्ही नांवें ठाऊक असावीं लागतात. पण येथेंहि एक व्यवस्था आहे. पहिलें नांव घराण्याचें, दुसरें व्यक्तीचें. घराणें चुकीचें ठरलें तर तें बदलतें. दुसरें नांव सहसा तसेंच राहतें, आणि त्याच्या धाग्यानें जुनी माहिती नव्या नांवापर्यंत आणतां येते.

वर्गीकरण वारंवार बदलतें, यावरून शास्त्रज्ञांना निश्चय नाहीं असा तर्क कोणी काढूं नये. मापन अधिक सूक्ष्म झालें कीं जुन्या नकाशांतील नद्यांचीं वळणें दुरुस्त करावीं लागतात; त्यामुळें नद्या बदलत नाहींत. गोगलगायींचें नातें कोट्यवधि वर्षांपूर्वीं ठरून गेलें आहे. तें वाचण्याची नजर मात्र हळूहळू तयार होत आहे. पुढील पावसांत भिंतीवर चढणारी शंखवाली गोगलगाय आणि मोरीपाशीं आलेली तिची उघडी आप्त एकाच वेळीं दृष्टीस पडल्या, तर घरांतील मुलांनीं त्यांच्याकडे जरा थांबून पाहावें. पाठीवरचें घर ही मालमत्ता आहे, गोत्र नव्हे. आणि पोटांत काय आहे तें पाहिल्यावांचून गोगलगायीची ओळख पटत नाहीं, हें त्या जुन्या म्हणीनें केव्हांच सांगून ठेविलें आहे.