डिग्रीवरचं नाव

अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलडाणा, वाशीम... या पाचपैकी कुठल्याही जिल्ह्यात कॉलेज केलं असेल तर एक काम करा. कपाटातली डिग्री काढा आणि सगळ्यात वरची ओळ वाचा. २००५ नंतरची असेल तर बहुतेकांना तिथं संत गाडगेबाबांचं नाव दिसेल. अकोल्याच्या अ‍ॅग्रीवाल्या मंडळींच्या डिग्रीवर डॉ. पंजाबराव देशमुख. ही नावं आपण पुण्या-मुंबईला इंटरव्ह्यूला घेऊन जातो, त्यांच्या झेरॉक्स काढतो. पण या दोघांचं चरित्र किती जणांनी वाचलंय? मी तरी नव्हतं वाचलं. मास कॉमची डिग्री असून!

'प्रेरणादायी' पुस्तकं माझ्याकडे कमी नाहीत. यशाचे दहा नियम, गॅरेजमध्ये सुरू झालेली कंपनी वगैरे. वाचताना मस्त चार्ज व्हायला होतं आणि सोमवारी ऑफिसात शिरलं की बॅटरी डाऊन. म्हणून मामांच्या गावी निघाले तेव्हा मुद्दाम प्रबोधनकार ठाकरे यांनी लिहिलेलं गाडगेबाबांचं चरित्र पर्समध्ये टाकलं. १९५२ चं पुस्तक, म्हणजे बाबा हयात असतानाचं. बडनेऱ्याला गाडीत बसले, मूर्तिजापूरला उतरायचं होतं. खाडू-खराटा, चिंध्यांचं अंगरखं, स्वच्छता, एवढंच शाळेत शिकलो होतो. इथं भलतीच स्टोरी निघाली.

देबूजी झिंगराजी जानोरकर. जन्म १८७६, अमरावती जिल्ह्यातलं शेंडगाव. वडील दारूपायी लवकर गेले, म्हणून आई लेकराला घेऊन माहेरी दापुऱ्याला आली. हे दापुरा मूर्तिजापूर तालुक्यातलं, म्हणजे माझी गाडी जिकडे चालली होती तिकडचंच! पोरगा गुरं राखत, नांगर धरत मोठा झाला. मामांची चांगली शेती होती, पण सावकाराने त्यांना कागदावर गुंडाळलं. जमीन गेली, मामा खचले आणि त्यातच गेले. सावकार ताबा घ्यायला माणसं घेऊन आला तेव्हा देबूजी शेतातून हलला नाही. ज्याच्या नावानं अख्खा गाव चळाचळा कापायचा, त्याच्यासमोर अक्षरओळख नसलेला एक तरुण उभा. बाबांच्या आयुष्यातला मला सगळ्यात धाडसाचा वाटलेला प्रसंग हा. तोवर ते 'बाबा' झालेही नव्हते.

१९०५ मध्ये त्यांनी घर सोडलं. पुढचं बऱ्यापैकी ठाऊक असतं. ऋणमोचनचा घाट, पंढरपूरची चोखामेळा धर्मशाळा, गावोगावची कीर्तनं. पण दापुऱ्याचा तो प्रसंग वाचून झाला की कीर्तनं वेगळीच ऐकू यायला लागतात. कर्ज काढून सण करू नका, पोराला शिकवा, हे सांगणारा माणूस पोथीतलं सांगत नव्हता. अंगठ्याची किंमत त्याने मामाच्या घरात पाहिली होती.

गो. नी. दांडेकरांचं 'श्री गाडगेमहाराज'ही मिळवा. गोनीदा आपल्या परतवाड्याचे, जन्म १९१६. तेराव्या वर्षी स्वातंत्र्याच्या ओढीने घरातून निघाले, पुढे बाबांच्या सहवासात राहिले. प्रबोधनकार भांडल्यासारखं लिहितात, गोनीदा मायेनं. पहिल्यांदा वाचणाऱ्याने प्रबोधनकारांपासून सुरुवात करावी, असं माझं मत. त्यांचं बरंचसं लेखन इंटरनेटवर फुकट वाचता येतं, त्यामुळे 'मिळत नाही' हे कारण चालणार नाही.

पंजाबरावांचं आयुष्य अगदी उलट टोकाचं. पापळच्या शेतकऱ्याचा मुलगा. विलायतेला जाऊन बॅरिस्टर झाला, वेदांवर डॉक्टरेट करून आला. १९२७ मध्ये अमरावतीच्या अंबादेवी मंदिरात अस्पृश्यांना प्रवेश मिळावा म्हणून आपल्याच समाजाचा राग ओढवून घेतला. १९३२ मध्ये शिवाजी शिक्षण संस्था, १९५२ ते १९६२ देशाचं कृषिमंत्रिपद. त्यांच्यावर एक स्वतंत्र लेख लिहायला हवा, इथे जागा नाही.

रात्री जेवणं झाल्यावर मामांना दापुऱ्याचं प्रकरण वाचून दाखवलं. मामांची कापसाची सात एकर. वऱ्हाडात शेतकऱ्याच्या कर्जाचं काय झालंय, हे २००६ च्या पंतप्रधान पॅकेजपासून सगळा देश ऐकून आहे. आमच्या घरात मात्र त्यावर कुणी बोलत नाही. मामा गप्प ऐकत होते. मग म्हणाले, "कागद वाचून नसंन पायला त्यानं."

"त्यांना वाचता येत नव्हतं, मामा."

"मले येते ना," मामा म्हणाले. "म्या तरी कुठी वाचला?"

मामी भांडी आवरता आवरता थांबली. मला काय बोलावं सुचेना. मामांनी उठून लोखंडी पेटीतून प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळलेले कागद काढले आणि माझ्यासमोर ठेवले. रात्री एकपर्यंत आम्ही ते वाचत बसलो. दोन ठिकाणी व्याजाचा आकडा वेगवेगळा होता. सकाळी मामा तालुक्याला वकिलाकडे गेले.

परतीच्या गाडीत वाचायला काहीच नव्हतं, पुस्तक मामांनी ठेवून घेतलं. घरी पोचल्यावर मी माझ्या गाडीच्या लोनचं अ‍ॅग्रीमेंट शोधलं. तीन वर्षं हप्ते भरतेय. सही प्रत्येक पानावर आहे, अगदी इंग्रजीत, झोकात. वाचलेलं एकही पान नाही.