पॅलेस थिएटर ते ‘केशवराव’

भोरवाले कापूरहोळला आणि वेल्हेवाले चेलाडी फाट्यावर हायवेला लागले की गाडी आपोआप पुण्याकडं वळते. क्लास, पिक्चर, नाटक, नोकरी, सगळं तिकडंच. आज जरा उलटं वळा. सातारा, कऱ्हाड मागं टाका आणि कोल्हापुरात खासबाग मैदानाशी थांबा. मैदानाला पाठ लावून केशवराव भोसले नाट्यगृह आहे. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री ते जळालं. त्याचे व्हिडिओ तुमच्याही मोबाइलवर आले असतील. दुसऱ्या दिवशी तिथं जमलेले रंगकर्मी ढसाढसा रडत होते. थिएटर जळालं म्हणून एवढं रडू कशाला, असं वाटलं असेल तर पुढं वाचा.

राजर्षी शाहू महाराज १९०२ मध्ये युरोपला गेले होते. तिथली नाट्यगृहं, मैदानं त्यांनी पाहिली आणि आपल्या गावात तसं काही हवं, हे मनात धरलं. आधी कुस्तीसाठी खासबाग झालं, मग त्याला लागूनच १९१५ मध्ये पॅलेस थिएटर. एका बाजूला लाल माती, दुसऱ्या बाजूला संगीत नाटक. (हे फक्त कोल्हापूरलाच सुचू शकतं!) मराठी नाटकाला राजाश्रय तसा जुनाच. १८४३ मध्ये विष्णुदास भाव्यांचं ‘सीता स्वयंवर’ सांगलीच्या संस्थानिकांच्या पाठबळावरच झालं. भोरही संस्थानच होतं. आपला राजवाडा मात्र आज शूटिंगमुळं जास्त ओळखला जातो.

ज्यांचं नाव पुढं या थिएटरला मिळालं, ते केशवराव कोल्हापूरचेच. जन्म ९ ऑगस्ट १८९०. म्हणजे आग लागली ती जयंतीच्या आदल्या रात्री. घरची गरिबी, म्हणून लहानपणीच स्वदेशहितचिंतक नाटक मंडळीत गेले. ‘शारदा’ नाटकातली शारदा या पोरानं गाजवली. तेव्हा बायकांची कामं पुरुषच करायचे. १९०८ मध्ये हुबळीला त्यांनी स्वतःची ‘ललितकलादर्श’ काढली. वय हिशेबात घ्या, अठराही पूर्ण नव्हतं. तुमच्यातले काही जण त्या वयात ॲडमिशनच्या रांगेत असतात.

जुलै १९२१ मध्ये मुंबईत टिळक स्वराज्य फंडासाठी ‘संयुक्त मानापमान’ झालं. धैर्यधर केशवराव, भामिनी बालगंधर्व. दोन प्रतिस्पर्धी कंपन्यांचे मालक एकाच रंगमंचावर! आजच्या भाषेत सांगायचं तर दोन सुपरस्टारचं क्रॉसओव्हर. त्यानंतर तीनच महिन्यांत, ४ ऑक्टोबरला केशवराव गेले. एकतीस वर्षांचे होते. कंपनी मात्र बापूराव पेंढारकरांनी आणि नंतर भालचंद्र पेंढारकरांनी चालवली.

इथं एक गंमत बघा. रशियात यारोस्लाव्हल नावाचं जिल्ह्याचं गाव आहे. तिथं १७५० मध्ये फ्योदर व्होल्कोव्हनं नाटकमंडळी उभी केली, आज तिथलं थिएटर त्याच्याच नावानं चालतं. तिकडं अशा गावोगावच्या थिएटरला स्वतःचे पगारी नट असतात. इमारत आणि मंडळी एकच. आपल्याकडं तसं नव्हतं. मंडळी म्हणजे फिरतं बिऱ्हाड: पडदे, पेट्या, स्वयंपाकी, सगळा लवाजमा घेऊन या गावाहून त्या गावाला. थिएटर गावातच राहायचं. कंपन्या यायच्या, जायच्या.

मग थिएटर जिवंत ठेवलं कुणी? गावातल्या हौशी पोरांनी. राज्य नाट्य स्पर्धेची कोल्हापूर केंद्राची नाटकं इथंच व्हायची. दिवसभर नोकरी, रात्री तालीम, आणि वर्षातून एकदा ‘केशवराव’वर एंट्री. ज्या फळ्यांवर पहिल्यांदा पाय लटपटले, त्याच फळ्यांची राख झाली होती. नट रडले ते त्यासाठी. तुमच्या गॅदरिंगला पडदा उघडण्याआधी विंगेत पोटात गोळा आला असेल, तर हे मी वेगळं सांगायला नको.

सरकारनं पुनर्बांधणीसाठी निधी जाहीर केला. कोल्हापूरकरांचा आग्रह एकच होता: नवं चकचकीत काही नको, होतं तसंच द्या.