लिंबाचे बार: रस मोजा, लिंबं नको

लेमन बारच्या बहुतेक पाककृती अमेरिकेतून येतात आणि त्यांत 'तीन लिंबं' असं बिनधास्त लिहिलेलं असतं. ती लिंबं जाड सालीची, आपल्या कागदी लिंबाच्या दुप्पट-तिप्पट मोठी. म्हणून लिंबं मोजू नयेत, रस मोजावा. 20 सेंटिमीटरच्या चौकोनी टिनला 100 मिलिलिटर रस पुरतो. लिंबं रसाळ असली तर सात-आठ, उन्हाळ्यात महाग आणि कोरडी मिळतात तेव्हा दहासुद्धा लागतील.

आधी तळाचा थर. 140 ग्रॅम मैदा, 40 ग्रॅम पिठीसाखर आणि 110 ग्रॅम थंड बटर बोटांनी चोळून घ्यायचं. बाजारातलं बटर खारं असेल तर वेगळं मीठ नको. करंजीच्या पिठाला मोहन पुरेसं लागलं का ते मुटका वळून बघतात, तीच परीक्षा इथे चालते. पाण्याचा थेंबही घालायचा नाही: मैद्याच्या कणांना तुपकट लेप बसला आणि पाणी मिळालं नाही, तर पीठ चिवट होत नाही, खुसखुशीत राहतं. टिनमध्ये कडेने वर येईल असा बटर पेपर घालून हे पीठ वाटीच्या बुडाने दाबून बसवायचं आणि 180 अंशांवर साधारण 20 मिनिटं, कडा बदामी होईपर्यंत भाजायचं. इथे घाई केली तर वरचं सारण खाली झिरपतं आणि तळ गिजगिजीत होतो.

तो भाजतोय तोवर सारण. 200 ग्रॅम साखरेत तीन लिंबांची साल किसून बोटांनी चोळायची. वास रसात कमी आणि सालीतल्या तेलात जास्त असतो. साखरेचे कण ते तेल ओढून घेतात. कागदी लिंबाची साल मात्र फारच पातळ. किसणीवर एका जागी एकदाच फिरवायचं, पांढरा भाग आला की कडवटपणा आलाच. मग तीन अंडी, दोन मोठे चमचे मैदा आणि रस. भांडं स्टीलचं किंवा काचेचं घ्यावं. ॲल्युमिनियमला आंबट लागलं की धातूची चव उतरते. सगळं एकजीव होण्यापुरतंच ढवळा. फेस काढलात तर तो वर तरंगतो आणि पांढुरकी, कागदासारखी साय होऊन भाजला जातो.

तळ ओव्हनमधून काढल्या काढल्या, गरम असतानाच त्यावर सारण ओतायचं. टेकताक्षणी ते खालून आळू लागतं, त्यामुळे मुरायला वेळच मिळत नाही. आता आच 160 अंशांवर आणायची.

अंड्यातली प्रथिनं उष्णतेने उलगडतात, एकमेकांत अडकतात आणि त्या जाळ्यात रस धरून ठेवतात. आंबटपणा हे काम लवकर करवतो, साखर लांबवते, मैदा गुठळ्या होऊ देत नाही. आच जास्त झाली की जाळं आवळतं, पाणी सुटतं, वर भेगा पडतात. म्हणून 18 मिनिटांनंतर घड्याळाकडे नाही, टिनकडे बघा. हलका धक्का दिल्यावर कडा स्थिर आणि मधला भाग किंचित थरथरता दिसला की बाहेर काढा. उरलेलं काम आतली धग करते. घरच्या ओटीजीच्या बटणावरच्या आकड्यावर माझा तरी विश्वास नाही, आतला छोटा थर्मामीटर बरा.

अंडं चालत नसेल तर 350 ग्रॅम कंडेन्स्ड मिल्कमध्ये तोच 100 मिलिलिटर रस घाला, साखर वगळा. आंबटाने दुधातलं केसीन आळतं आणि मिश्रण ढवळता ढवळताच दाट होतं. ओव्हनमध्ये 12 मिनिटं पुरतात. फ्लोरिडातल्या की लाइम पायचं तत्त्व हेच, आणि तिथलं की लाइम म्हणजे वनस्पतिशास्त्राच्या हिशेबी आपलं कागदी लिंबूच. माझ्या मते या लिंबाला हीच पद्धत जास्त शोभते. नागपुरी संत्र्याचे करायचे असले तर निम्मा रस लिंबाचा ठेवा. नुसत्या संत्र्यात आंबटपणा कमी, बार गोडमिट्ट लागतात.

पूर्ण निवल्यावर तीन तास फ्रीजमध्ये, मग पेपरसकट उचलून कापायचं. सुरी गरम पाण्यात बुडवून, प्रत्येक कापानंतर पुसून. पिठीसाखर मात्र ताटलीत वाढतानाच भुरभुरावी. आधी घातली तर सारणाच्या ओलीने विरघळून दिसेनाशी होते.