किमोनो विकल्यावर

यासुजिरो ओझूच्या ‘टोकियो कोरस’ (1931) या मूकपटात विमा कंपनीतला एक कारकून, म्हाताऱ्या सहकाऱ्याला काढलं म्हणून साहेबाशी भांडतो आणि स्वतःचीच नोकरी घालवतो. मुलगी आजारी पडते. दवाखान्याच्या खर्चासाठी तो बायकोचे किमोनो विकतो. मुलगी बरी होऊन येते, बायको कप्पे उघडते, तर ते रिकामे. तमाशा होत नाही. मुलांना घेऊन सगळे टाळ्यांचा खेळ खेळत बसतात, आणि डोळ्यांतलं पाणी आवरत ती हळूहळू हसू लागते. कपाशी-संत्र्यावर जगणाऱ्या पांढुर्णा-सौंसरकडे हे दृश्य कुणाला समजावून सांगायला नको. बहार गळाला की बाईचा डाग आधी सोनाराकडे जातो, बँकेची नोटीस मागाहून येते. गरिबी प्रथम कळते ती घरच्यांनी एकमेकांची नजर चुकवण्यातून, आणि ते टिपावं मूकपटानंच.

आपल्याकडेही हा विषय मूकपटातच आला. नारायण हरी आपट्यांच्या कथेवर बाबूराव पेंटरांनी कोल्हापुरात ‘सावकारी पाश’ (1925) काढला. व्ही. शांताराम त्यात तरुण शेतकरी होते. जमीन सावकाराच्या घशात जाते आणि तो शहरात गिरणी कामगार होतो. त्या मूकपटाची प्रत आज उरलेली नाही, ही हळहळ वेगळीच. पण इथे दुःखाला चेहरा आहे, सावकाराचा. तेव्हा ते खरंच होतं: सौंसर ज्या मध्य प्रांतात होतं, तिथे कर्ज-समेटाचा कायदा 1933 साली करावा लागला.

कुणी म्हणेल, सावकाराला सोडून किमोनोकडे बघणं म्हणजे अन्यायाला बगल देणं. तसं नाही. ओझूही सुरुवात साहेबाच्या टेबलापासूनच करतो. फक्त अन्याय घरात शिरल्यावर काय करतो, तिथे तो जास्त थांबतो. आज देणं सोसायटी, बँक, कृषी केंद्र आणि सोनार यांच्यात विभागलेलं. एकाच खलनायकाची गोष्ट त्याला पुरत नाही. दुसरा आक्षेप, मुकेपण ही तेव्हाची लाचारी होती. जपानात मात्र ‘टोकियो कोरस’च्याच वर्षी ओझूच्याच शोचिकू कंपनीनं बोलपट आणला होता, तरी ओझूनं 1936पर्यंत पहिला बोलपट केला नाही. पेंटरांनी ‘सावकारी पाश’ पुन्हा, आवाजासह काढला तोही 1936 सालीच.