देवस्थानाची जमीन आणि कुळाचा हक्क : काही गैरसमज

तापी आणि गोमाई यांच्या संगमावर वसलेले प्रकाशा हे नंदुरबार जिल्ह्यातील तीर्थक्षेत्र केदारेश्वरामुळे सर्वश्रुत आहे. अशी देवस्थाने, पांजरापोळ वा शिक्षणसंस्था यांच्या नावे असलेली शेतजमीन पिढ्यानपिढ्या कसणारे कूळ आणि त्या संस्थांचे विश्वस्त यांच्यात कलह उत्पन्न झाला, की उभय पक्ष कायद्याच्या कलमांपेक्षा चावडीवरील ऐकीव गोष्टींवरच अधिक भिस्त ठेवून कचेरीची पायरी चढतात. 1998 साली धुळ्यापासून पृथक झालेला नंदुरबार जिल्हा मूळच्या पश्चिम खानदेशातला, म्हणजे जुन्या मुंबई इलाख्यातला असल्यामुळे येथे 1948 चा कूळकायदा लागू आहे. मराठवाड्याचा 1950 चा आणि विदर्भाचा 1958 चा कायदा निराळा असल्याने तिकडचे दाखले येथे जसेच्या तसे चालतीलच असे नाही.

गैरसमज : धर्मादाय संस्थेच्या जमिनीला कूळकायदा लागूच होत नाही.

वस्तुस्थिती : 1956 च्या दुरुस्तीने आलेल्या आणि कूळकायद्यातून सूट देणाऱ्या कलम 88-ब मध्ये न्याससंस्थांपैकी शैक्षणिक प्रयोजनाचे न्यास, रुग्णालये, पांजरापोळ, गोशाळा आणि सार्वजनिक उपासनेच्या संस्था एवढ्यांचाच निर्देश आहे. केवळ दीनदुबळ्यांच्या साहाय्यार्थ स्थापिलेला न्यास 1950 च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याच्या दृष्टीने धर्मादाय ठरतो खरा, परंतु तेवढ्याने तो या यादीत बसत नाही. शिवाय ही सूट सर्वंकषही नाही. खंडाची कमाल मर्यादा, जादा वसूल केलेल्या खंडाचा परतावा, आणि कराराची मुदत सरली एवढ्याच कारणास्तव कूळवहिवाट संपत नाही असे सांगणारे कलम 4-ब, या तरतुदी सूट मिळालेल्या जमिनीवरही जारी राहतात.

गैरसमज : न्यासाची नोंदणी झाली, की सूट आपोआप मिळते.

वस्तुस्थिती : नोंदणी ही पहिली अट झाली, त्या जमिनीचे संपूर्ण उत्पन्न न्यासाच्या उद्दिष्टासाठीच खर्ची पडले पाहिजे, ही दुसरी. कलेक्टरने चौकशीअंती दिलेले प्रमाणपत्र या दोन्ही अटी पूर्ण झाल्याचा निर्णायक पुरावा मानले जाते. म्हणूनच अशा चौकशीत जमाखर्चाच्या वह्यांना सातबाऱ्याइतकेच मोल येते. खंडापोटी आलेली रक्कम दिवाबत्ती, उत्सव व जीर्णोद्धार यांच्या खाती जमा दिसते, की एखाद्या विश्वस्ताच्या घरखर्चात जिरलेली दिसते, यावर सूट टिकते किंवा ढासळते.

गैरसमज : 1 एप्रिल 1957 रोजी जमीन कसत होतो आणि सातबाऱ्यावर नाव आहे, म्हणजे मालकी झालीच.

वस्तुस्थिती : त्या कृषक दिनी कुळाने जमीन विकत घेतल्याचे मानणारे कलम 32 हे 88-ब ची सूट मिळालेल्या जमिनीला लागू पडत नाही. जेथे अशी सूट नाही, तेथेही शेतजमीन न्यायाधिकरणाने किंमत ठरविणे, ती भरणे आणि कलम 32-म चे प्रमाणपत्र मिळविणे हे टप्पे उरतातच. अधिकार अभिलेखातील नोंद विरुद्ध पुरावा येईपर्यंतच खरी धरली जाते. तिने मालकी निर्माण होत नाही. पुजाऱ्याचीही गत याहून वेगळी नाही. मध्य प्रदेशातील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 6 सप्टेंबर 2021 रोजी स्पष्ट केले, की देवस्थानाच्या जमिनीची मालक देवता असून पुजारी हा केवळ व्यवस्थापक होय.

गैरसमज : विश्वस्तांनी बहुमताने ठराव केला, की जमीन विकता येते.

वस्तुस्थिती : विक्री, अदलाबदल वा बक्षीस, तसेच दहा वर्षांहून अधिक मुदतीचा शेतजमिनीचा पट्टा, यांस विश्वस्त व्यवस्था कायद्याच्या कलम 36 अन्वये धर्मादाय आयुक्तांची पूर्वमंजुरी लागते. तिच्याविना झालेला व्यवहार सहसा वैध ठरत नाही.

गैरसमज : दिवाणी न्यायालयात दावा लावला, की सर्व प्रश्नांचा निकाल तेथेच लागतो.

वस्तुस्थिती : एखादा इसम कूळ आहे किंवा नाही, हे ठरविण्याचा अधिकार मामलेदाराचा, म्हणजे आजच्या तहसीलदाराचा आहे. दिवाणी दाव्यात हा मुद्दा निघाला, तर कलम 85-अ प्रमाणे दावा तहकूब ठेवून तो मुद्दा तहसीलदाराकडे पाठवावा लागतो. त्याच्या निर्णयावर कलेक्टरकडे अपील आणि पुढे महसूल न्यायाधिकरणाकडे पुनरीक्षण असा क्रम असल्याने, चुकीचे दार ठोठावणाऱ्याची कित्येक वर्षे व्यर्थ जातात.

गैरसमज : देवाला जमीन अर्पण करण्यास कोणाची परवानगी कशाला?

वस्तुस्थिती : सुमारे 69 टक्के लोकसंख्या अनुसूचित जमातींची असलेल्या या जिल्ह्यात ही समजूत विशेष घातक आहे. 6 जुलै 1974 पासून अमलात असलेले महसूल संहितेचे कलम 36-अ आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीकडे जाताना शासकीय मंजुरी आवश्यक ठरविते, आणि त्यात विक्री व गहाण यांच्या जोडीला दानाचाही स्पष्ट उल्लेख आहे. घेणारे देवस्थान आहे म्हणून सवलत मिळेल, असे ते कलम कोठेही म्हणत नाही.

सारांश, कायद्याने अभय दिले आहे ते न्यासाच्या उद्दिष्टाला; विश्वस्तांच्या मर्जीला नव्हे आणि दीर्घ वहिवाटीलाही नव्हे. तेव्हा कुळाने वकीलपत्रावर सही करण्यापूर्वी 88-ब चे प्रमाणपत्र निघाले आहे काय, हे तपासावे आणि खंडाच्या पावत्या जपून ठेवाव्यात. विश्वस्तांनीही त्या खंडाचा पैन् पै हिशोब आधी तयार ठेवावा.