काडतुसाचा पगार

वरणगावच्या आयुध निर्माणीत तयार होणाऱ्या 5.56 मिलिमीटरच्या काडतुसाचं वजन जेमतेम 12 ग्रॅम भरतं. त्यातली प्रत्यक्ष उडून जाणारी गोळी फक्त 4 ग्रॅमची. बाकी पितळेची पुंगळी, तिच्यात थोडी दारू आणि बुडाशी बसवलेली हरभऱ्याच्या डाळीएवढी कॅप. चारच वस्तू. पण त्या जुळवायला सरकारला एक अख्खा कारखाना, त्याच्याभोवती एक वसाहत, शाळा, दवाखाना आणि पहारा उभा करावा लागला, आणि त्यावर या भागातल्या माणसांच्या तीन पिढ्या पोसल्या गेल्या.

फैजपूरहून आमोदे, बामणोद करत तापी ओलांडली की भुसावळ, आणि तिथून मुक्ताईनगरच्या रस्त्याला लागलं की वरणगाव. भुसावळला एक आयुध निर्माणी आहे, 1949 सालची. वरणगावला दुसरी, 1964 सालची. महाराष्ट्रात अशा एकूण दहा. खडकीच्या दोन, देहूरोड, अंबरनाथच्या दोन, अंबाझरी, भंडारा, चांदा आणि आपल्या या दोन. केळीच्या बागा आणि रेल्वेचं जंक्शन एवढीच ओळख असलेल्या मुलखात दहातल्या दोन आहेत, हे जळगावातल्या माणसालाही चटकन आठवत नाही. पाटीवर ‘आयुध निर्माणी’ लिहिलेलं असलं तरी बोलताना सगळे फॅक्टरीच म्हणतात.

काडतूस कसं बनतं ते जरा सावकाश बघण्यासारखं आहे. सुरुवात होते पितळेच्या जाड पत्र्यापासून. सत्तर भाग तांबं, तीस भाग जस्त. त्यातून गोल चकत्या कापून त्यांना वाटीचा आकार देतात. या वाट्या बनवणं हे अंबरनाथच्या कारखान्याचं जुनं काम. वाटी मग प्रेसमध्ये ओढली जाते. ओढली की लांब होते, कडा पातळ होतात, बूड मात्र जाडच ठेवायचं असतं. पण पितळ ताणलं की कडक होतं, आणि कडक झालेलं पुन्हा ताणायला गेलं तर फाटतं. म्हणून प्रत्येक ओढीनंतर भट्टी. तापवायचं, मऊ करायचं, आम्लाने धुवायचं, पुन्हा ओढायचं. असं करत करत वाटीची लांब नळी होते. तिच्या बुडाला ठोकून कॅपचं घर पाडतात, कड छाटतात, मान आवळतात. मान आवळल्यावर परत एकदा फक्त मानेपुरती शेकणी.

या शेवटच्या शेकणीमागे एक जुनी गोष्ट आहे आणि ती हिंदुस्थानातलीच आहे. ब्रिटिश फौजेच्या पितळी पुंगळ्या पावसाळ्यात पडल्या पडल्या तडकायच्या. गोळी झाडलेली नसताना, पेटीत बंद असताना. धातू तोच, कारखाना तोच, आणि विलायतेत हा त्रास नाही. बऱ्याच काळाने उलगडा झाला तो असा, की दारूगोळा घोड्यांच्या तबेल्यांजवळ ठेवलेला असायचा, घोड्यांच्या मुतातला अमोनिया दमट हवेत मिसळून पितळेवर बसायचा, आणि ओढताना धातूत राहून गेलेला ताण त्या जागी फाटून बाहेर पडायचा. 1921 साली इंग्लंडमधल्या धातुशास्त्रज्ञांनी याची नीट मांडणी केली. उपाय साधा निघाला: तयार पुंगळी हलक्या आचेवर शेकून तिच्यातला ताण घालवायचा.

इथपर्यंतचं काम कुठल्याही मोठ्या धातूच्या कारखान्यासारखं, तेल आणि आवाजाचं. कॅप आणि दारू आली की सगळं बदलतं. इमारती एकमेकींपासून लांब, त्यांच्याभोवती मातीचे उंच बांध, म्हणजे एक उडाली तर स्फोटाचा धक्का वर जावा, शेजारच्या इमारतीवर नको. अंगावर सुती कपडे, पायात खिळे नसलेले जोडे, काडेपेटी आणि मोबाइल फाटकावरच. इथे काम करणाऱ्याचं सरकारी पदनावच ‘डेंजर बिल्डिंग वर्कर’ आहे, आणि भरतीच्या जाहिरातीतही ते तसंच छापून येतं. कॅपमधलं रसायन टाचणीच्या टोच्याने पेटणारं. त्याचं कामच ते. पुंगळीतली दारू मात्र तशी उडत नाही, वेगाने जळते. ती जळताना बंदुकीच्या कोठीत हवेच्या दाबाच्या साडेतीन हजार पटींहून जास्त दाब तयार होतो आणि 4 ग्रॅमची गोळी सेकंदाला 900 मीटरच्या वेगाने निघते. दारू फारच कमी पडली तर गोळी नळीतच अडकते, फार जास्त झाली तर बंदूक झाडणाऱ्याच्या तोंडावर येते. म्हणून भरणी झाल्यावर वजन, गेज, डोळ्यांची तपासणी आणि प्रत्येक लॉटमधल्या काही गोळ्या प्रत्यक्ष झाडून बघणं. नापास झाला तर सगळा लॉट नापास.

दारू बनवणारे कारखाने वेगळे: भंडारा, इटारसी. जानेवारी 2025 मध्ये भंडाऱ्याच्या निर्माणीत स्फोट होऊन आठ कामगार गेले. देशाच्या संरक्षण खर्चाची चर्चा लाख कोटींत होते, तिथे हे आठ कुठल्याच रकान्यात बसत नाहीत.

भुसावळच्या निर्माणीचं काम याहून कमी थरारक, म्हणून तिच्याबद्दल कुणी लिहीत नाही. ती प्रामुख्याने दारूगोळ्याच्या पेट्या, डबे आणि पिंपं बनवते. ऐकायला किरकोळ वाटतं. पण राजस्थानची उन्हं, आसामचा पाऊस आणि लडाखची थंडी या तिन्हींत वर्षानुवर्षं पडून राहिलेला तोफगोळा ऐन वेळी उडायला हवा असेल, तर त्याची पेटी हवाबंद हवी. पिनाका रॉकेटचे पॉडही इथे बनले आहेत. एका पॉडमध्ये सहा रॉकेट, एका गाडीवर दोन पॉड, आणि बाराही रॉकेट 44 सेकंदांत बाहेर. रॉकेटचं नाव वर्तमानपत्रात येतं, पॉडचं येत नाही.

हे दोन कारखाने इथेच का? भुसावळचं उत्तर रेल्वे. मुंबईहून येणारा मार्ग इथे फुटून एक फाटा नागपूरला, दुसरा इटारसीला जातो. माल कुठेही धाडता येतो आणि कुठल्याही सरहद्दीपासून हे ठिकाण दूर आहे. वरणगावचं उत्तर चीन. 1962 च्या पराभवानंतर नोव्हेंबरमध्ये यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री झाले, त्याच महिन्यात संरक्षण उत्पादनाचं स्वतंत्र खातं निघालं, आणि पुढच्या काही वर्षांत भंडारा, चांदा, वरणगाव असे कारखाने उभे राहिले. नाशिकजवळ ओझरला मिग विमानांचा कारखानाही 1964 चाच.

आणि जिथून आपण निघालो ते फैजपूर? डिसेंबर 1936 मध्ये खेड्यात भरलेलं काँग्रेसचं पहिलं अधिवेशन इथे झालं. चित्रकार नंदलाल बोसांनी अधिवेशनाचं बांबूचं टिळकनगर सजवलं, गांधीजींनी खादी आणि ग्रामोद्योगाचं प्रदर्शन उघडलं. अध्यक्ष जवाहरलाल नेहरूंनी भाषणात स्पेनच्या यादवी युद्धापासून शेतकऱ्याच्या कर्जापर्यंत सगळं घेतलं. तेच नेहरू पंतप्रधान असताना भुसावळचा कारखाना सुरू झाला आणि वरणगावचा ठरला. याला विसंगती म्हणून हसणारे पुष्कळ आहेत. मला ती तेवढी मोठी वाटत नाही. ग्रामोद्योगाच्या प्रदर्शनामागे प्रश्न होता की खेड्यातल्या हातांना बारमाही काम कुठून मिळणार. यावल-रावेरच्या पट्ट्यात त्या प्रश्नाला जी दोन-तीन टिकाऊ उत्तरं मिळाली त्यांत रेल्वे आणि या फॅक्टऱ्या आहेत. चरखा त्यात नाही, हे खरं.

टिकाऊ म्हणजे काय ते केळीवाल्याला विचारावं. बाग वर्षभर पोसायची, आणि मे-जूनच्या एका वादळात तासाभरात आडवी व्हायची. वादळ चुकलं तर रोग, रोग चुकला तर भाव. अशा गावात घरातला एक मुलगा फॅक्टरीत असला की त्या घराचा हिशेबच वेगळा होतो. महिन्याच्या शेवटी येणारी रक्कम पावसावर अवलंबून नसते. त्या पगारावर ठिबकचं कर्ज निघतं, बहिणीचं लग्न होतं, पुण्यातल्या इंजिनिअरिंगची फी भरली जाते. स्थळ बघताना ‘फॅक्टरीत आहे’ एवढं वाक्य पुरायचं. ओव्हरटाइम वाढला की वरणगावच्या बाजारात ते दिसायचं, आणि बंद झाला तरी दिसायचं. अर्थशास्त्राच्या पुस्तकात संरक्षण खर्चाचे गुणक काढतात. इथे तो गुणक सराफाच्या आणि कापडवाल्याच्या दुकानात मोजता येतो.

पण माझी तक्रार इथेच सुरू होते. साठ वर्षांत या कारखान्यांनी भागाला पगार दिला, धंदा फारसा दिला नाही. फाटकाच्या आत अचूकतेचा एक कसून घडवलेला नमुना आहे. केसाएवढ्या फरकाने पुंगळी नापास करणारी माणसं आहेत. फाटकाच्या बाहेर मात्र किराणा, हॉटेलं आणि पतपेढ्या. वाट्या अंबरनाथहून, दारू भंडारा-इटारसीहून, तयार माल लष्कराच्या भांडाराकडे. स्थानिक वर्कशॉपला शिरायला फट कुठे?

दोष सगळा व्यवस्थेचा नाही, थोडा वस्तूचाही आहे. विमानाला हजारो सुटे भाग लागतात, त्यामुळे ओझरच्या भोवती सुटे भाग करून देणाऱ्याला जागा असते. काडतुसाचे भाग चार, आणि चारही सरकारी भावंडांकडेच बनणारे. त्यात गिऱ्हाईकही एकच. साखर विकली नाही तर भाव पडतो, कारखाना बुडतो आणि फैजपूरच्या शिवाराला ते लगेच कळतं. काडतुसाचा बाजारच नसल्यामुळे ते महाग पडतंय की स्वस्त हे कळायला मार्ग नव्हता. जो खर्च येईल तो लष्कराकडून ना नफा ना तोटा तत्त्वावर घ्यायचा, अशी जुनी रीत. खर्च कमी करण्याची घाई कुणालाच नव्हती.

आणि एवढं असूनही साठा पुरेसा होता असं नाही. महालेखापरीक्षकांच्या 2017 च्या अहवालानुसार दारूगोळ्याच्या 152 प्रकारांपैकी 61 प्रकारांचा साठा लढाई पेटली तर दहा दिवसही पुरला नसता. संरक्षण कारखान्याचं अर्थशास्त्र इथे साखर कारखान्याहून वेगळं होतं. शांततेच्या काळात निम्मी यंत्रं थंड दिसली की ती उधळपट्टी वाटते. पण युद्धात लागणारा वेग तेव्हाच मिळतो जेव्हा ती थंड यंत्रं आणि ती चालवणारी माणसं राखून ठेवलेली असतात. युक्रेनच्या युद्धात सगळा श्रीमंत युरोप तोफगोळ्यांसाठी धावाधाव करताना दिसला. पैसे होते, कारखाने आवरते घेतलेले होते. वरणगावच्या पगारातला काही भाग काडतुसांचा नाही, तयार राहण्याचा आहे, हे एकदा मान्य केलं की हिशेब जास्त प्रामाणिक होतो.

1 ऑक्टोबर 2021 ला हे सगळं चित्र बदललं. कोलकात्याचं ऑर्डनन्स फॅक्टरी बोर्ड विसर्जित झालं, 41 कारखाने सात सरकारी कंपन्यांत वाटले गेले. वरणगाव पुण्याच्या म्युनिशन्स इंडियाकडे गेलं, भुसावळ नागपूरच्या यंत्र इंडियाकडे. शेजारच्या दोन कारखान्यांचे मालक वेगळे झाले. कामगार संघटनांनी विरोध केला, संपाची हाक दिली, तर सरकारने अत्यावश्यक संरक्षण सेवा कायदा करून संपालाच आडकाठी घातली. कर्मचारी केंद्र सरकारचेच राहतील, तूर्त कंपनीत प्रतिनियुक्तीवर समजले जातील, अशी तडजोड निघाली आणि तिची मुदत पुढे सरकत राहिली.

कंपनी झाल्यावर ऑर्डर मिळवावी लागते. एका बाजूने बाजार वाढतो आहे. 2013-14 मध्ये देशाची संरक्षण निर्यात 686 कोटी रुपयांची होती, 2024-25 मध्ये ती 23,622 कोटींवर गेली. फेब्रुवारी 2025 मध्ये पिनाका रॉकेटांसाठी 10,147 कोटींचे करार झाले, त्यात म्युनिशन्स इंडिया आहे आणि नागपूरची खासगी कंपनीही. अमेठीजवळ कोरव्याला तयार होणाऱ्या एके-203 रायफलीला 7.62 गुणिले 39 ची गोळी लागते, आणि ती बनवण्याचा वरणगावचा अनुभव जुना आहे. दुसऱ्या बाजूने फेब्रुवारी 2024 मध्ये कानपूरला अदानी समूहाचा दारूगोळा कारखाना सुरू झाला. लहान शस्त्रांच्या वर्षाला 15 कोटी गोळ्या, देशाच्या गरजेचा सुमारे चौथा हिस्सा, असा त्यांचा जाहीर अंदाज. वरणगावला साठ वर्षांत पहिल्यांदा सरकारी भावंड नसलेला स्पर्धक भेटला आहे, आणि त्याची यंत्रं नवी आहेत. त्यात तांबं परदेशी बाजाराच्या भावाने चढतं-उतरतं, ते दोघांनाही सारखंच.

2018 मध्ये जाहीर झालेले दोन संरक्षण कॉरिडॉर उत्तर प्रदेश आणि तामिळनाडूला गेले. दहा निर्माण्या असलेलं राज्य त्यात नव्हतं. आपल्याकडच्या पुढाऱ्यांनी त्यावर जी ओरड करायला हवी होती ती केल्याचं मला तरी दिसलं नाही. खान्देशात तर विषयच निघत नाही. इथे रस्ते, केळीचा विमा आणि रेल्वेचे थांबे यापलीकडे मागणीपत्र जात नाही.

मागायचं ठरवलं तर वस्तू समोर आहे. जळगावच्या एमआयडीसीत प्लास्टिकचे पाइप आणि चटया बनवणारे कारखानदार चार दशकं प्लास्टिकला आकार देताहेत. तीसेक किलोमीटरवर भुसावळला दारूगोळ्याचं पॅकिंग बनतं. साच्यातून निघालेलं झाकण, पेटीच्या आतले खाचे, ओल रोखणारी सील, ही काही गोपनीय शस्त्रं नव्हेत. कसोट्या कडक आहेत, कागदपत्रं किचकट आहेत, पैसे उशिरा येतात. पण एकदा पास झालेल्या पुरवठादाराला दहा-दहा वर्षं काम राहतं. यावल, रावेर, फैजपूरकडची आयटीआय झालेली पोरं या फॅक्टऱ्यांत अप्रेंटिसशिप करतात, गेज धरायला शिकतात आणि कायम भरती नाही म्हणून चाकणची वाट धरतात. जळगावच्या एखाद्या प्लास्टिकवाल्याने भुसावळचं टेंडर भरलं, तर त्याला तपासणीच्या टेबलावर बसवायला हीच पोरं लागतील.