एन्चिलाडा घरी केला की त्याचा लगदा का होतो? आणि राजम्याच्या बाबतीत कोणती चूक महागात पडते?

रील बघून आपणही हे करतो. चपातीत राजमा आणि भाज्या भरायच्या, वरून टोमॅटो केचप, त्यावर भरपूर चीज, आणि ताट ओव्हनमध्ये. पंधरा मिनिटांनी बाहेर येतो तो एन्चिलाडा नसतो, असतो चीज घातलेला लगदा. मग आपण म्हणतो, "आपल्याला नाही जमत बुवा हे मेक्सिकन प्रकार."

खरं तर जमतं. फक्त हा पदार्थ नेमका काय आहे, हे आधी समजून घ्यायला हवं.

नावातच रेसिपी आहे

स्पॅनिशमध्ये 'एन्चिलार' म्हणजे मिरची लावणं. त्यावरून 'एन्चिलाडा', म्हणजे मिरची लावलेली. काय मिरची लावलेलं? तर तोर्तिया, म्हणजे मक्याची पातळ पोळी. या नावात भाजी नाही, बीन्स नाहीत आणि चीजही नाही.

मेक्सिकोत हीच पोळी बीन्सच्या पातळ वाटणात बुडवली तर तिला 'एन्फ्रिहोलादा' म्हणतात, टोमॅटोच्या सॉसमध्ये बुडवली तर 'एन्तोमातादा', आणि मोले नावाच्या सॉसमध्ये बुडवली तर 'एन्मोलादा'. म्हणजे आत काय भरलंय यावर नाव ठरत नाही, पोळी कशात बुडवली यावर ठरतं. म्हणूनच केचप लावून काम भागत नाही. सॉस हाच मुख्य पदार्थ आहे.

आपल्या मक्याच्या पिठाची तोर्तिया का फाटते?

मक्याची भाकरी गुंडाळायला गेलं की तुकडे पडतात, हे आपल्याला माहीत आहे. मग मेक्सिकोतली तोर्तिया कशी वळते? तिथे मका आधी चुन्याच्या पाण्यात शिजवतात, काही तास तसाच भिजू देतात आणि मग धुऊन वाटतात. या मक्याला 'निश्तमाल' म्हणतात. चुन्यामुळे दाण्याची साल सुटते आणि पीठ एकमेकांना धरून राहतं.

फायदा तेवढाच नाही. मक्यातलं नायसिन हे जीवनसत्त्व या प्रक्रियेमुळे शरीराला मिळू लागतं. मका युरोपात पोहोचला, पण ही पद्धत तिकडे पोहोचली नाही. परिणामी जे गरीब लोक फक्त मक्यावर जगत होते, त्यांच्यात पेलाग्रा हा आजार पसरला.

अशा मक्याचं तयार पीठ 'मासा हरिना' नावाने मिळतं. ते मिळालं तर उत्तम. नाहीतर गव्हाची चपाती वापरा. उत्तर मेक्सिकोत गव्हाच्या तोर्तिया रोजच्या जेवणात असतात, त्यामुळे यात कमीपणा काही नाही. फक्त चपाती घडीची नको. पातळ लाटा, तेल न लावता थोडी कडक भाजा. आदल्या दिवशीची असेल तर आणखी चांगलं.

राजमा : इथे चालढकल नको

कच्च्या राजम्यात फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचा विषारी घटक असतो. नीट न शिजलेले चार-पाच दाणे पोटात गेले तरी काही तासांत मळमळ, उलट्या आणि जुलाब सुरू होऊ शकतात. नुसत्या मंद आचेवर राजमा शिजवणं धोक्याचं आहे, कारण उकळीपर्यंत न पोहोचलेल्या पाण्यात हा घटक नष्ट होत नाही. दाणा मऊ लागतो, म्हणून आपण फसतो.

उपाय सोपा आहे. राजमा रात्रभर भिजवा, ते पाणी फेकून द्या, नवीन पाणी घाला आणि प्रेशर कुकरमध्ये ४-५ शिट्ट्या काढून पुढे १५ मिनिटं मंद आचेवर ठेवा. दाणा बोटाने सहज चिरडला गेला पाहिजे. डब्यातला राजमा आधीच शिजवलेला असतो.

राजम्याऐवजी सातारा जिल्ह्यातल्या कोरेगावचा वाघ्या घेवडाही चालेल. त्याला भौगोलिक मानांकन आहे आणि तो राजम्याच्याच जातीचा आहे. त्यामुळे शिजवण्याचा नियमही तोच.

आता करूया (चौघांसाठी, ८ नग)

सॉस : ८-१० ब्याडगी मिरच्या बिया काढून तव्यावर अर्धा मिनिट परता. काळ्या पडल्या तर सॉस कडू होतो. २० मिनिटं गरम पाण्यात भिजवा. मग २ टोमॅटो, १ कांदा, ४ लसूण पाकळ्या आणि अर्धा चमचा जिरे घालून बारीक वाटा. २ चमचे तेलात हे वाटण परता, पाऊण वाटी पाणी आणि मीठ घालून १० मिनिटं उकळा. पळीच्या मागच्या बाजूला चिकटेल इतका दाट हवा. पिझ्झासोबत आलेली ओरेगॅनोची पुडी इथे वापरा. गरम मसाला मात्र नको, नाहीतर राजमा मसालाच तयार होईल.

सारण : १ वाटी सुका राजमा वरीलप्रमाणे शिजवून पाणी निथळा आणि अर्धवट चिरडा. कांदा, सिमला मिरची, मक्याचे दाणे आणि लाल भोपळ्याच्या बारीक फोडी मोठ्या आचेवर परता. भाज्यांचं पाणी पूर्ण आटलं पाहिजे. मग राजमा, मीठ आणि थोडं लिंबू घाला.

जोडणी : मक्याची तोर्तिया असेल तर आधी थोड्या तेलात दोन्ही बाजूंनी काही सेकंद परता. तेलामुळे ती मऊ पडते, शिवाय सॉस पटकन शोषत नाही. मग सॉसमध्ये बुडवून लगेच काढा. चपाती मात्र बुडवू नका, तिला दोन्ही बाजूंनी सॉस फक्त लावा. दोन मोठे चमचे सारण भरून गुंडाळा आणि तोंड खाली करून ताटात ठेवा. वरून थोडा सॉस आणि चीज घाला. ओव्हनमध्ये १८० अंशांवर १२-१५ मिनिटं ठेवा. ओव्हन नसेल तर जाड तव्यावर झाकण ठेवून मंद आचेवर ८ मिनिटं.

मग लगदा का होतो?

कारणं तीनच. सारणात पाणी राहतं, सॉस पातळ होतो, किंवा पोळी भरून तासभर तशीच ठेवली जाते. पाहुणे येणार असतील तर सॉस आणि सारण आदल्या दिवशी करून फ्रिजमध्ये ठेवा, पण पोळ्या भरायच्या त्या ओव्हन तापत असताना.

आणि हो, हा पदार्थ परका वाटत असेल तर एक लक्षात घ्या. मिरची, टोमॅटो, मका, राजमा, लाल भोपळा हे सगळं मूळचं अमेरिका खंडातलं. मिरची तर सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी भारतात आणली. म्हणजे या ताटातल्या बहुतेक गोष्टी आपल्या स्वयंपाकघरात आधीच आहेत. फक्त यावेळी त्यांना फोडणी न देता पोळीला मिरची लावायची आहे.